लाईट गेली की घालवली?

मे 2025 मधला शनिवार. पुण्याहून रात्रीची गाडी धरून सकाळी गावी पोचलो होतो. गाव म्हणजे शहागड, तालुका अंबड, जिल्हा जालना. नावात गड आहे म्हणून डोंगर शोधायला जाऊ नका, सगळी गोदाकाठची जमीन. गेवराई मागे पडली की गोदावरीवरचा पूल लागतो. पुलाच्या अलीकडे बीड जिल्हा, पलीकडे आम्ही.

आबा (म्हणजे माझे आजोबा) ओसरीवर पेपर उघडून बसलेले. मी चहाचा कप तोंडाला लावतोय तोच प्रश्न आला, "काय रं, पंधरा लाख हल्ले झाले म्हनं आपल्यावर?"

बातमी खरी होती. पहलगाम आणि ऑपरेशन सिंदूरनंतर महाराष्ट्र सायबरने, म्हणजे राज्य पोलिसांच्या सायबर विभागाने, एक अहवाल काढला होता. सात हॅकर गटांनी भारतातल्या यंत्रणांवर 15 लाखांहून जास्त सायबर हल्ले केले, त्यातले फक्त 150 यशस्वी झाले, असं त्यात म्हटलं होतं. मी मान डोलावली. आबांनी वर फिरणाऱ्या पंख्याकडे बघितलं आणि म्हणाले, "पंधरा लाख हल्ले झाले अन् आपला पंखा चालू कसा काय?"

मंडळी, मी सात वर्षं या धंद्यात आहे. ऑफिसात हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता.

उत्तर द्यायचा प्रयत्न केला तो असा. इंटरनेटवर एखादा सर्व्हर नुसता उघडा ठेवा. मी वीकेंडच्या प्रयोगांसाठी भाड्याने घेतलेला एक आहे, त्यावर एका अर्धवट प्रोजेक्टशिवाय काहीही नाही. तरी रोज लॉग उघडला की जगाच्या कुठल्या कुठल्या कोपऱ्यातून कुणीतरी 'ॲडमिन', 'रूट', 'टेस्ट' असली नावं टाकून लॉगिन करायचा प्रयत्न केलेला दिसतो. माणसं नसतात ती, स्क्रिप्ट असतात. गल्लीतल्या प्रत्येक दाराची कडी वाजवत जायचं, एखादी निघालीच तर आत शिरायचं. यातली प्रत्येक कडी म्हणजे एक हल्ला असं मोजलं तर माझा तो भिकार सर्व्हर रोज शेकडो हल्ले परतवून लावतो! 15 लाखांत 150 म्हणजे दहा हजारांत एक. एवढ्यावरूनच कळतं की या मोजणीत कडी वाजवणारे आणि दार फोडणारे एकाच रांगेत उभे आहेत.

मग हल्ला कशाला म्हणायचं? यावर लोकांनी डोकं चालवलेलं आहे. 2007 मध्ये एस्टोनिया या छोट्याशा देशातल्या बँका, वर्तमानपत्रं आणि सरकारी साइट्स काही आठवडे सतत कोलमडत राहिल्या. पुढच्या वर्षी नाटोच्या पंखाखाली तिथल्या राजधानीत, टालिनमध्ये, सायबर संरक्षणाचं केंद्र निघालं. त्या केंद्राने जमवलेल्या कायदेपंडितांनी 2013 साली 'टालिन मॅन्युअल' प्रसिद्ध केलं. त्यांची व्याख्या कडक आहे. ज्या कृतीमुळे माणसं जखमी होतील किंवा मरतील, वस्तूंची मोडतोड किंवा नासधूस होईल, अशी रास्त अपेक्षा आहे तोच सायबर हल्ला. साइट बंद पडली, माहिती चोरली, मुखपृष्ठावर शिव्या लिहिल्या हे एरवी कितीही संतापजनक असलं तरी या व्याख्येत सहसा बसत नाही. म्हणजे ज्या घटनेमुळे हे पुस्तक निघालं, ती एस्टोनियाची घटनासुद्धा तिच्यात मोठ्या मुश्किलीने बसेल. गंमत आहे.

एकंदरीतच या क्षेत्रातले शब्द इकडून तिकडून उचललेले आहेत. 'पेलोड' घ्या. मूळ अर्थ, ज्या वजनाचं भाडं मिळतं ते वजन. एसटीच्या भाषेत सांगायचं तर तिकीट काढलेले प्रवासी म्हणजे पेलोड, ड्रायव्हर-कंडक्टर नव्हेत. पुढे तो बॉम्बफेकी विमानांना लागला, मग रॉकेटला, मग व्हायरसला. 'झीरो डे' आला चोरीच्या सॉफ्टवेअरची देवघेव करणाऱ्या पोरांकडून. जे प्रोग्रॅम अधिकृतपणे बाजारात येण्याआधी किंवा त्याच दिवशी फोडले जायचे ते झीरो डे. 'एक्स्प्लॉइट'चा अर्थ शब्दकोशात शोधायला गेलात तर 'पराक्रम' आणि 'शोषण' असे दोन मिळतील. दोन्ही इथे चुकीचे, आणि दोन्ही थोडे थोडे बरोबर.

आणि खुद्द 'सायबर'? गणितज्ञ नॉर्बर्ट वीनर यांनी 1948 साली 'सायबरनेटिक्स' नावाचं पुस्तक लिहिलं. शब्द घेतला ग्रीकमधून, 'कुबेरनेतेस', म्हणजे सुकाणू धरणारा. तेव्हा विषय होता यंत्रांवर नियंत्रण कसं ठेवायचं हा, लढाईचा शब्दात मागमूस नव्हता. 1980 च्या दशकात कादंबरीकार विल्यम गिब्सन यांनी त्यातून 'सायबरस्पेस' काढलं, 1993 मध्ये आर्किला आणि रॉनफेल्ट या दोन अमेरिकन अभ्यासकांनी 'सायबरवॉर येत आहे' अशा अर्थाच्या मथळ्याचा लेख लिहिला, आणि सुकाणूवाला लढाईवर गेला तो गेलाच. (आमच्या धंद्यातल्यांना 'कुबरनेटीस' हे नाव वेगळ्याच कारणाने रोज छळतं. पण तेही त्याच ग्रीक नावाड्याचं.) आबांना हे सांगितल्यावर ते म्हणाले, "म्हंजे नावाडी." हो, नावाडी.

इथपर्यंत मजा होती. आता जरा मुद्द्याकडे.

अमेरिकी लष्कराच्या जुन्या परिभाषेत दोन वेगळे शब्द होते. समोरच्याच्या नेटवर्कमध्ये शिरून नुसती माहिती काढायची ते 'एक्स्प्लॉइटेशन'. शिरून ते अडवायचं, बिघडवायचं, नासवायचं तो 'अटॅक'. मराठीत हेरगिरी आणि हल्ला. कागदावर रेष अगदी स्वच्छ. पण आमच्यासारख्या कोड लिहिणाऱ्याला विचाराल तर दोघांचा रस्ता नव्वद टक्के एकच असतो. भोक तेच, चोरदरवाजा तोच, महिनोन् महिने गुपचूप बसून राहणंही तेच. फरक असतो शेवटच्या काही ओळींत. फाइल वाचायची की पुसायची? त्या ओळी अजून चाललेल्या नसतील तर आत बसलेला माणूस हेर आहे की मारेकरी, हे यंत्रात डोकावून कळत नाही. बहिर्जी नाईकांचा माणूस शत्रूच्या तळावर सापडला असता तर त्याच्याकडे काय सापडलं यावरून काहीतरी अंदाज करता आला असता. इथे तेवढीही सोय नाही.

याचं घरचं उदाहरण म्हणजे मुंबई, 12 ऑक्टोबर 2020. सकाळी दहाच्या सुमारास मुंबई आणि आसपासची वीज गेली. लोकल जागच्या जागी थांबल्या. कोरोनाचे दिवस होते, रुग्णालयं जनरेटरवर गेली. महत्त्वाच्या ठिकाणी दोनेक तासांत पुरवठा आला, काही भागांत बराच उशीर लागला.

त्या दिवशी मुंबईत लाखो तोंडांतून एकच वाक्य निघालं असणार: लाईट गेली. आपल्या भाषेत लाईट जाते. स्वतःच जाते, पावसासारखी. वाक्यात घालवणाऱ्याला जागाच नाही. शाळेत 'कर्ता ओळखा' म्हणून प्रश्न यायचा, तिथे 'लाईट' हाच कर्ता लिहायचा आणि पूर्ण मार्क मिळवायचे.

दोनच दिवसांनी तत्कालीन ऊर्जामंत्री नितीन राऊत म्हणाले की घातपाताची शक्यता नाकारता येत नाही. हा पहिला शब्द, आणि तो चांगला जुना मराठी शब्द आहे. घात म्हटलं की घात करणारा आलाच. पुढे 28 फेब्रुवारी 2021 ला 'न्यूयॉर्क टाइम्स'ने 'रेकॉर्डेड फ्यूचर' या अमेरिकन कंपनीच्या अभ्यासाची बातमी दिली. भारताच्या वीजक्षेत्रातल्या दहा संस्थांमध्ये, त्यात पाचपैकी चार प्रादेशिक भारप्रेषण केंद्रं, चीनशी संबंध असलेल्या एका गटाने शिरकाव केल्याच्या खुणा आहेत, असं त्यात होतं. कंपनीने या गटाला 'रेडएको' असं नाव दिलं होतं. मुंबईच्या अंधाराशी याचा संबंध सिद्ध झालेला नाही हेही कंपनीने म्हटलं होतं, पण ती ओळ वाचतो कोण? दुसऱ्याच दिवशी तत्कालीन गृहमंत्री अनिल देशमुख यांनी सायबर विभागाच्या प्राथमिक अहवालाचा हवाला देऊन 'सायबर सॅबोटाज'ची शक्यता मांडली. वीज मंडळाच्या सर्व्हरमध्ये 14 ट्रोजन हॉर्स सोडले गेले असावेत, 8 जीबी बेहिशेबी डेटा परदेशातून आला असावा, वगैरे. त्याच्या पुढच्या दिवशी केंद्रीय ऊर्जामंत्री आर. के. सिंह यांनी सांगितलं की मुंबईची वीज मानवी चुकीमुळे गेली. उत्तर आणि दक्षिण विभागाच्या भारप्रेषण केंद्रांवर सायबर हल्ले झाले होते खरे, पण ते वीज चालवणाऱ्या मुख्य यंत्रणेपर्यंत पोचले नाहीत.

बघा, एकच अंधार. त्याला घातपात, सॅबोटाज, मानवी चूक अशी तीन नावं, आणि शिवाय आत बसून राहिलेली ती हेरगिरी (की तयारी?) वेगळीच. घातपात म्हटलं तर उत्तर सीमेवर द्यावं लागतं. मानवी चूक म्हटलं तर एखाद्या अभियंत्याची चौकशी लागते. 2020 च्या जूनमध्ये गलवान झालं होतं हे लक्षात घ्या, म्हणजे कुठला शब्द केवढ्याला पडला असता ते कळेल. माझं मत विचाराल तर, चुकीच्या बाजूने दिलेला पुरावा मला जास्त पटतो. कळवा-पडघा पट्ट्यातल्या 400 केव्हीच्या वाहिन्या एकामागून एक बंद पडत गेल्या, आणि अशा वेळी मुंबईला उरलेल्या जाळ्यापासून तोडून वाचवायची जी व्यवस्था आहे ती त्या दिवशी टिकली नाही. याला चिनी हात लागतोच असं नाही. पण म्हणून ते शिरलेले लोक शिरलेच नव्हते असं होत नाही ना.

हे सगळं आबांना सांगत होतो. त्यांनी पेपरची घडी घातली आणि म्हणाले, "म्हंजे लाईट गेली का घालवली, एवढंच ना?"

एवढंच. टालिनपासून वॉशिंग्टनपर्यंत हजारो पानं लिहिली गेलीत ती मराठीतल्या या एका 'व'साठी. पडली की पाडली, बुडाली की बुडवली, गेली की घालवली. आपली क्रियापदं जोडीने येतात आणि बोलताना एक निवडावंच लागतं.

आबांना हे चटकन कळलं याचं मला तेव्हा नवल वाटलं, पण वाटायला नको होतं. त्यांचा जन्म 1948 चा. जन्मतारीख कुणाला माहीत नाही, घरात सांगायचे ते "पोलीस ॲक्शनच्या साली". मराठवाड्यातल्या म्हाताऱ्या माणसांचं कॅलेंडरच तसं, रझाकारीच्या आधी, पोलीस ॲक्शननंतर. लहानपणी मला वाटायचं पोलिसांनी गावात येऊन कुणाला तरी पकडलं असेल.

13 सप्टेंबर 1948 ला भारतीय लष्कर चारही बाजूंनी हैदराबाद संस्थानात शिरलं. रणगाडे होते, विमानं होती, मुख्य फौज सोलापूरकडून मेजर जनरल जे. एन. चौधरींच्या हाताखाली. 17 तारखेला निजामाने हात टेकले. लष्करातलं नाव 'ऑपरेशन पोलो'. (इराणच्या नतांझमधली यंत्रं आतल्या आत मोडणाऱ्या स्टक्सनेटच्या मोहिमेचं नाव 'ऑलिम्पिक गेम्स' असल्याचं 2012 मध्ये बाहेर आलं. चढाईला खेळांची नावं द्यायची हौस सगळीकडे सारखीच दिसते!) मग या सगळ्यात पोलीस कुठून आले?

आले ते शब्दात. हैदराबादने ऑगस्टमध्येच संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेकडे तक्रार नेली होती. युद्ध म्हटलं की दोन देश आले, दोन देश म्हटलं की परिषदेला अधिकार आला. पोलीस कारवाई म्हटलं की घरातला मामला. डच सरकारनेही इंडोनेशियातल्या 1947 आणि 1948 च्या लष्करी चढायांना हेच नाव दिलं होतं, आणि 1950 मध्ये कोरियाच्या बाबतीत ट्रुमन यांनी ते मान्य केलं. मराठवाड्याची सुटका व्हायलाच हवी होती, रझाकारांनी काय केलं ते आमच्या गावोगावच्या म्हाताऱ्यांनी पाहिलंय, यात माझ्या मनात शंका नाही. पण पोलीस या शब्दाने आणखीही काही झाकलं. कारवाईच्या काळात आणि नंतर संस्थानातल्या मुसलमानांची जी हत्या झाली, तिचा तपास करायला सरकारनेच पंडित सुंदरलाल यांची समिती पाठवली. सर्वांत जास्त झळ उस्मानाबाद, नांदेड, बीदर, गुलबर्गा या जिल्ह्यांना. मृतांचा त्यांचा अंदाज 27 ते 40 हजार. अहवाल कित्येक दशकं कुणी छापला नाही. पोलीस कारवाईत एवढी माणसं मरत नसतात, तेव्हा ती मेली नाहीत. झालं.

म्हणून सायबरच्या शब्दांवर वाद घालणं हा रिकामटेकड्यांचा उद्योग आहे असं कुणी म्हटलं की मला शहागड आठवतं.

पैशांच्या भाषेत हवं असेल तर तेही आहे. 27 जून 2017 ला न्हावाशेवा बंदरातलं एक टर्मिनल ठप्प झालं. ते मर्स्क या डॅनिश समूहाच्या कंपनीकडे होतं, आणि जगभरातल्या मर्स्कच्या यंत्रणा त्या दिवशी एकदम झोपल्या होत्या. युक्रेनमधल्या एका अकाउंटिंग सॉफ्टवेअरच्या अपडेटमधून सुटलेला प्रोग्रॅम रायगड जिल्ह्यातल्या कंटेनरपर्यंत पोचला. पडद्यावर खंडणीची मागणी होती, म्हणून आधी त्याला 'पेट्या' नावाचं जुनं रॅन्समवेअर समजले. मग लक्षात आलं की पैसे भरूनही फाइल परत द्यायची सोयच यात नाही. खंडणीखोराचा वेष घेतलेला मारेकरी. तेव्हा नाव पडलं 'नॉटपेट्या', म्हणजे पेट्या नव्हे तो! ओळख पटली नाही हीच ओळख. 2018 मध्ये अमेरिका आणि ब्रिटनने रशियाच्या लष्कराचं नाव घेतलं.

मर्क या औषध कंपनीने या दणक्यात 1.4 अब्ज डॉलर्सचं नुकसान सांगून विमा मागितला. विमा कंपन्या म्हणाल्या, पॉलिसीत युद्धसदृश कृतीचं नुकसान वगळलेलं आहे, आणि सरकारंच म्हणतायत की हे रशियन लष्कराने केलं. आली का पंचाईत? न्यू जर्सीच्या कोर्टाने 2022 च्या सुरुवातीला आणि अपिलात 2023 मध्ये मर्कच्या बाजूने कौल दिला. 'युद्ध' म्हणजे लोक ज्याला पूर्वापार युद्ध म्हणत आले ते, अकाउंटिंग सॉफ्टवेअरचं अपडेट नव्हे. विमेवाले शहाणे. लंडनच्या लॉइड्सने 2022 मध्येच फर्मान काढलं की मार्च 2023 च्या अखेरीपासून अशा पॉलिसींमध्ये सरकारपुरस्कृत सायबर हल्ले शब्दशः वगळायचे.

आमच्या पुण्यातला नमुना थोडक्यात. ऑगस्ट 2018, कॉसमॉस बँक, सुमारे 94 कोटी. एटीएमच्या स्विचची नक्कल उभी करून 28 देशांतल्या यंत्रांमधून नोटा काढल्या. चतुःशृंगी पोलीस ठाण्यात ती फसवणूक आणि चोरी. संयुक्त राष्ट्रांच्या तज्ज्ञांच्या 2019 च्या अहवालात तीच घटना उत्तर कोरियाने निर्बंध चुकवून मिळवलेलं उत्पन्न. एकाच पैशाच्या दोन पावत्या.

आता माझी स्वतःची गोष्ट, नाहीतर म्हणाल की हा दुसऱ्यांचेच शब्द तपासतो. आधीच्या कंपनीत होतो (नाव राहू द्या), रात्रीची ड्यूटी. एका क्लायंटच्या सर्व्हरवर कुणीतरी जुना, न बदललेला पासवर्ड वापरून शिरला होता. मी पहाटे चार वाजता रिपोर्टमध्ये लिहिलं, 'ब्रीच'. सकाळी नऊला त्या जागी 'संशयास्पद हालचाल आढळली' असं इंग्रजीत आलं होतं. कुणाला आढळली, कुणी केली, काही नाही, शाळेतला कर्मणी प्रयोग. दुपारी क्लायंटला गेलेल्या मेलमध्ये 'सेवेत तात्पुरता अडथळा'. कुणी खोटं बोललं नव्हतं. फक्त प्रत्येक पायरीवर वाक्यातून एक माणूस कमी होत गेला. 'ब्रीच' लिहिलं असतं तर युरोपच्या कायद्याने 72 तासांचं घड्याळ सुरू झालं असतं, आपल्या सर्ट-इनच्या एप्रिल 2022 च्या आदेशाने तर 6 तासांचं. तो पासवर्ड बदलायचं काम ज्या यादीत होतं ती यादी माझीच होती, हेही सांगून टाकतो. शेवटच्या मसुद्यावर 'ॲप्रूव्ह' मीही दाबलं.

आबांना मी हे सांगितलं नाही. त्यांचं चाललं होतं वेगळंच. "मुंबईचं काय झालं मग शेवटी? गेली का घालवली?"

म्हटलं, आबा, मुंबईची गेली. पण घालवू शकणारे आत बसले होते.

"अजून हायेत?"

तेवढ्यात पंखा थांबला. दोघांनीही वर बघितलं. आतून आजी ओरडली, "लाईट गेली गं बाई!"